सॅब्रामावशीचा पालथा हंडा

खोटं वाटत असेल तर इथेच थांबा. पण देवाशपथ सांगते, हे माझ्यासोबत घडलंय.

१९३७ चा ऑगस्ट. दक्षिण कॅरोलिनातलं आमचं नदीकाठचं गाव. भर दुपार.

माझी आई शेवटच्या घटका मोजत होती. गुलामीत, तीन वर्षांची असताना, तिला तिच्या आईपासून तोडून विकलं होतं. आईचं नावही तिला माहीत नव्हतं.

"लूएला, तेवढं नाव कळू दे गं. वर जाऊन तिला हाक काय मारू?"

ते नाव ठाऊक असलेली एकच बाई जिवंत होती. त्या आईसोबत एकाच मालकाकडे राबलेली, नव्वदीची सॅब्रामावशी.

गुलामीत जन्मलेल्या म्हाताऱ्यांच्या आठवणी तबकडीवर उतरवायचं काम मी करायचे. आवाज टिपायचं मशीन घेऊन धावतच तिच्याकडे गेले.

"आधी दारात हंडा पालथा घाल," मावशी म्हणाली.

कपडे उकळायचा लोखंडी हंडा. गुलामीत चोरून प्रार्थना करताना तो दारात पालथा घालायचे. आवाज हंड्यातच राहतो, मालकापर्यंत जात नाही, म्हणून.

"अगं मावशी, आता कोण ऐकतंय?"

"जास्त शहाणपणा नको. घाल म्हटलं ना! आणि बाहेर हो. हे नाव आधी तुझ्या आईच्या कानावर पडू दे."

हंडा पालथा घातला. सुई टेकवली. बाहेर पायरीवर बसले.

खिडकीतून मावशीचे ओठ हलताना दिसत होते.

पण आवाज...

काहीच नाही.

कोंबड्यासुद्धा गप्प झाल्या. मी हंड्याला हात लावला...

तो आतून थरथरत होता.

ओठ थांबले तशी आत गेले.

"सांगितलं बाई सगळं," मावशी म्हणाली, आणि तिने मान टाकली.

तबकडी लावली. नुसती खरखर.

"मावशी, एकदाच गं! एकदाच सांग!" मी तिला गदागदा हलवलं. ऊर फुटेस्तोवर रडले. शेजारच्या बायका धावत आल्या.

मग हंडा आठवला.

तो उचलायची हिंमत झाली नाही. शेजारच्या आयझमने खालून फळी सरकवली, तसाच पालथा गाडीत चढवला. "वेड लागलंय हिला," तो पुटपुटत होता.

आईच्या उशाशी ठेवला. तिने कान लावला.

बराच वेळ...

"आई?" ती म्हणाली. अगदी लहान पोरीसारखी. मग हसली.

"काय नाव गं? मलाही सांग ना!"

तिने तोंड उघडलं. ओठ हलले.

आवाज आलाच नाही. हसतच गेली.

याला बरीच वर्षं झाली. हंडा परसात तसाच पालथा आहे. आता माझंही वय झालंय.

काल कपडे वाळत घालत होते...

"लूएला..."

आईचा आवाज. हंड्यातून.

आणि तिच्या मागून दुसरीच कुणी बाई विचारत होती, "हीच का गं तुझी पोर?"

तिला काय नावाने हाक मारू? तिचं नाव मला अजून माहीत नाही. हंडा उचलायचा तर सगळं उडून जाईल, आणि कान लावायचा तर... आई पुन्हा उठली नव्हती.