उसना दिवस

माझं काम तसं फालतूच आहे. अंधेरीच्या एका ऑफिसात बसून मी नसलेल्या जगांच्या चालीरीती ठरवते. मोबाइलवरच्या खेळात लोक राक्षस मारतात आणि त्या राक्षसांचे सणवार बसवायचा पगार मी घेते. या वेळी माझ्या वाट्याला कॅलेंडर आलं.

"आपल्यासारखं नको हां कल्पिता," माझी बॉस ऋतिका म्हणाली. "रविवार-बिविवार काही नको. काहीतरी ट्विस्ट टाक, यार."

रविवार तिने आमच्या आयुष्यातून केव्हाच काढला होता, त्यामुळे ते सोपं गेलं. मी आठ दिवसांचा आठवडा केला. महिन्यांना राखण, ओहट, काजळ अशी नावं दिली. पण हिशेब मांडताना प्रत्येक महिन्याच्या शेवटी एक दिवस उरायला लागला. कुठल्याच आठवड्यात बसेना. मग मी त्याला उसना दिवस म्हटलं. त्या दिवशी कोणीही शेजाऱ्याच्या दारात जाऊन त्याचा उद्याचा दिवस उसना मागायचा. शेजारी तोंडाने 'घ्या' म्हणाला की तो दिवस मागणाऱ्याचा. सोबत शेजाऱ्याचीच एक वाटी न्यायची, आणि ती परत करताना रिकामी द्यायची नाही.

वाटीचा नियम आईचा. घाटकोपरच्या चाळीत तिने कोणाचं भांडं कधी रिकामं परत केलं नाही. घरात काही नसलं तर चिमूटभर साखर तरी घालायची.

त्या आईने माझ्याशी बोलणं टाकलं होतं. नवऱ्याला सोडून मी मुलुंडला एकटी राहायला आले, तेव्हा म्हणाली, "मला मुलगी नाही असं समजेन." आणि खरंच समजली. वर्षानुवर्षं. हट्टी बाई. माझ्याकडे तिची म्हणून एकच वस्तू होती, 'वनमाला' असं नाव कोरलेली स्टीलची वाटी.

आता ती हॉस्पिटलात होती. माझ्या भावाने, निलेशने, फोन लावून तिच्या कानाला धरला.

"गुरुवारी ये," आई म्हणाली. आवाज पार बसला होता. "तुला एक सांगायचंय. फोनवर नाही सांगणार."

फोन ठेवून मी रडले. गुरुवारची रजा टाकली. ऋतिकाने तोंड वाकडं केलं. म्हटलं, गेली उडत.

बुधवारी संध्याकाळी घरी आले. माझ्या कॅलेंडरचं पहिलं पान मी फ्रिजवर चिकटवून ठेवलं होतं. उद्या काय नेसावं, आईला काय आवडेल, असा विचार करत होते तेवढ्यात बेल वाजली. शेजारच्या पुतळाबाई होत्या. मूळच्या मालवणकडच्या, एकट्याच राहणाऱ्या. साखर नाहीतर चहापूड मागायला अधूनमधून यायच्या.

"साखर हवी?"

"साखर नको गो." त्या सरळ आत येऊन फ्रिजसमोर उभ्या राहिल्या. पानावरच्या शेवटच्या चौकटीवर त्यांनी बोट टेकवलं. "ह्यो आजचो तो उसनो दिस ना?"

त्या चौकटीत काहीच छापलेलं नव्हतं. ते नाव ऑफिसच्या कॉम्प्युटरबाहेर कुठेच नव्हतं. मी फोनवर कोणाशी बोलले असेन, आमच्या भिंती पापडासारख्या आहेत, अशी मी स्वतःची समजूत घातली.

"माका तुझो उद्याचो दिस दी."

मला हसू आलं. म्हाताऱ्या माणसाची थट्टा. "घ्या की," मी म्हटलं.

त्या हसल्या नाहीत. "वाटी?"

हाताला आली ती वाटी मी दिली. दार ओढून घेताना त्यांनी पदराने तिच्यावरचं 'वनमाला' पुसलं.

सकाळी उठले तेव्हा अंगावर साडी होती. नेसायची म्हणून काढून ठेवलेलीच, पण चुरगळलेली. हाताला हॉस्पिटलच्या साबणाचा वास. केस तेलाने चापून त्यांची घट्ट वेणी घातलेली. वेणी मी शाळा सुटल्यापासून घातली नव्हती.

फोनवर शुक्रवार होता.

तो वाजत होता. निलेश होता.

"ताई, पहाटे गेली गं आई." तो रडत होता. "पण बरं झालं काल तू दिवसभर होतीस. किती हसत होतात दोघी! सिस्टर नको नको म्हणत होत्या, तरी आईने तुझी वेणी घातलीच."

"ती मला काय म्हणाली, निलेश?"

"मला कुठे थांबू दिलंत? दार लावून बोलत होतात. का गं?"

मी फोन ठेवला.

सगळं आटोपून परत आले तेव्हा पुतळाबाईंचं दार उघडंच होतं. त्या खाटेवर बसल्या होत्या, जेवून तृप्त झालेल्या माणसासारख्या.

"काय म्हणाली माझी आई?"

"मी माझ्या आयेक बघूकच नाय गो," त्या म्हणाल्या. "जन्मताच गेली माझी."

"काय म्हणाली ती? सांगा मला!"

"उसनी घेतलेली साखर कोण तीच परत देता? ती चायत गेली."

मी त्यांना नाही नाही ते बोलले. त्या ऐकत राहिल्या. मग त्यांनी वाटी माझ्या हातात दिली. रिकामी नव्हती. तळाशी खोबरेल तेल होतं आणि त्यात एक पांढरा केस.

तो दिवस कॅलेंडरमधून काढू या, असं मी ऋतिकाला सांगितलं. "वेडी आहेस का? तेच तर झकास आहे," ती म्हणाली. घरातलं पान मी फाडलं. त्याने काय होतंय? महिना कधी संपतो हे मला पाठ आहे.

वेणी आपोआप सुटेपर्यंत मी केस धुतले नाहीत.

आज पुन्हा ती रिकामी चौकट आहे, उसना दिवस. समोरच्या श्रुतिकाची आई गावाहून आली आहे. दोघी दिवसभर भांडतात. पोरीने उद्या रजा घेतली आहे, आईला घेऊन पार्ल्याच्या मावशीकडे जायचंय, असं जिन्यात सांगत होती.

मी बेल वाजवली. श्रुतिकानेच दार उघडलं. आत तिची आई फणी घेऊन बसली होती.

"या ना ताई. साखर हवी?"

"साखर नको गं," मी म्हटलं.