रागावला की काय करतो?

एकाच दाराच्या दोन किल्ल्या घेऊन ती दोघं एकाच सकाळी जिन्यात धडकली! घरमालकिणीने खोल्या दोघांना वेगवेगळ्या दिल्या होत्या, स्वयंपाकघर मात्र एकच. ती शिवणकाम करणारी, तिचा वेल्डर नवरा परदेशी गेलेला. तो लिफ्ट दुरुस्त करणारा, त्याची नर्स बायको परदेशी गेलेली. आता दोघांनाही व्हिसाची वाट बघायची होती.

"तुम्ही घोरता का हो?" तिने पहिलाच प्रश्न टाकला.

"बायकोला विचारून सांगतो."

ती इतकी हसली, की शेजारची दारं उघडली!

मग रोज संध्याकाळी भाजी चिरता चिरता मुलाखतीची तयारी. लग्न खरं आहे ना, हे बघायला वकिलातीत काय वाट्टेल ते विचारतात म्हणे.

"नवरा कशाला घाबरतो?" तो विचारायचा.

"इंजेक्शनला! एवढा भलामोठा माणूस, सुई दिसली की गळपटतो."

"आणि रागावला की?"

"रागावला की..." ती अडखळली. लग्नानंतर जेमतेम दोन महिने तर मिळाले होते. "फुगून बसतो. जेवत नाही."

"मी भांडी घासतो. घासलेलीसुद्धा."

"माहितीये! परवा कढईचा जीव घेतलात."

तो नुसता बघत राहिला... आणि तिला उगाचच मिरची झोंबली.

सात महिन्यांनी तिचा नंबर लागला. काचेपलीकडच्या बाईंनी विचारलं, "पती रागावले की काय करतात?"

"भांडी घासतात," ती चटकन म्हणाली. "घासलेलीसुद्धा!"

बाईही हसल्या. शिक्का बसला.

तिथून ती थेट घरी आली.

तो दारातच उभा होता. "पास?"

"पास." ती आत येऊन खाली बसली. "पण त्यांनी नवऱ्याबद्दल विचारलं... आणि मी तुमच्याबद्दल सांगितलं. डोळ्यांसमोर तुम्हीच होतात — थांब म्हणा ना. एकदाच म्हणा, मी नाही जाणार."

तो तिच्याजवळ येऊन बसला.

"सात महिने ऐकतोय तुझ्याकडून," तो हळूच म्हणाला. "सुईला घाबरणारा भलामोठा माणूस... तिकडे एकटा वाट बघतोय. वाईट असता ना, तर म्हणालो असतो गं."

"आणि तुमची बायको?"

"तीही चांगलीच आहे. तेच तर..."

त्याने पहिल्यांदाच तिचा हात हातात घेतला. अंधार पडला तरी दिवा लावायला कुणी उठलं नाही.

शुक्रवारी ती गेली. पोचल्यावर फोन करू नकोस, असं त्यानेच बजावलं होतं. तरी दिवसभर त्याने फोन हातातून खाली ठेवला नाही.