इंगराची शेवटची शीर

कड्यावर इंगराची, म्हणजे चुलीत जळणाऱ्या दगडाची, एकच शीर उरली होती. लांबी चार हात, रुंदी दीड वीत. तिच्यासमोर सात माणसं, नऊ पहारी आणि एक मापकाठी. खाली कुवेर वाडीत एकतीस घरं, आणि चुलीत घालायला दुसरं काही नाही. ही शीर निघाली तर वाडीचा हिवाळा निघणार होता. बर्फ उद्यावर आला होता. एकदा पडला की कडा पाच महिने बंद.

इंगर पोलादाहून कठीण. कितीही घण घाला, टवका उडत नाही. तो मऊ होतो फक्त रागानं. संतापलेल्या माणसानं तळहात टेकला की दगडाचं लोणी होतं, आणि सहा बोटं मऊ झाला की पहार आत जाते. राग खोटा असेल तर इंगर ढिम्म. म्हणून कुवेरात चिडक्या मुलींना फार मान. आणि प्रत्येक चिडकीला कामावर एक डिवच्या मिळतो, तिला डिवचत राहायला.

नेव्हरा सगळ्यांत चिडकी. तिच्या आईनं एकदा अकरा बोटं दगड मऊ केला होता. ती खूण अजून मापकाठीवर कोरलेली आहे.

ताशिम तिचा डिवच्या झाला तो अपघातानं. सव्वा महिन्यापूर्वी तो घाटापलीकडून मीठ घेऊन आला आणि त्याच्या बोकडानं नेव्हराची वाळत घातलेली लोकरी टोपी खाल्ली.

“टोपी होती ती?” बोकडाच्या तोंडातला धागा ओढत तो म्हणाला होता. “मला वाटलं, घरटं.”

नेव्हरा अशी कडाडली, की तिचा हात जिथे सहज टेकला होता तिथे कड्यातला इंगर सात बोटं मऊ झाला. मापकाठीवाल्या ओदामावशीनं ताशिमला तिथल्या तिथे कामावर ठेवलं.

पहिल्या आठवड्यात सात बोटं. दुसऱ्यात पाच. मग तीन. गेले तीन दिवस, एक.

कारण नेव्हराला ठाऊक होतं आणि त्या कारणाचाच तिला संताप यायचा… पण तो संताप दगडापर्यंत पोहोचेतो त्याचं काहीतरी भलतंच होऊन बसे.

“चल, कर सुरू,” ओदामावशी ताशिमला म्हणाली. “आणि नीट. काल डिवचत होतास की अंगाई म्हणत होतास?”

ताशिमनं घसा खाकरला. धुकं त्याच्या पापण्यांवर थेंब होऊन बसलं होतं. नेव्हरानं ते पाहिलं, मग पाहिलंच नाही असं केलं आणि शिरेवर हात टेकला.

“तुझं नाक,” तो म्हणाला, “गार वाऱ्यात इतकं लाल होतं, की माझा बोकड गाजर समजून—”

“बीट.”

“काय?”

“परवा बीट म्हणाला होतास. काय ते एक ठरव.”

“तू… लक्षात ठेवतेस?”

पहारवाल्यांतलं कोणीतरी फस्सकन हसलं. नेव्हराच्याही ओठाचा कोपरा हलला. ओदामावशीनं काठी टोचली.

“शून्य! अगं बये, त्याच्यावर जीव जडवायचा तर उन्हाळ्यात जडवायचास! वाडी गारठेल त्याचं काय?”

“माझा जीव कुणावर नाही!”

काठी जरा आत गेली. “एक बोट,” ओदामावशी म्हणाली. “राग खरा आहे. बोलणं खोटं.”

ताशिम दोन पावलं जवळ आला. आता तो हसत नव्हता.

“नेव्हरा, मी उद्या जातोय. बर्फाआधी घाट ओलांडतो.”

“कायमचा?”

“इथे माझा उपयोग उरला नाही. काठीच सांगतेय.”

तिला राग यायला हवा होता. सगळे त्याचीच वाट बघत होते. पण छातीत काहीतरी नुसतं गार होत गेलं, आणि हाताखालचा दगडही. तिच्या नखांभोवती हिमाची बारीक रेघ उमटली.

“जा,” ती म्हणाली. “उतारावर बोकडाची दोरी… आखूड धर. घसरतो तो.”

“शून्य,” ओदामावशी हळूच म्हणाली.

ताशिमचा चेहरा उतरला. “असं नव्हतं व्हायचं. तू ओरडायला हवं होतंस.”

“म्हणजे?”

“मी कुठे जात नाहीये. तू चिडावंस म्हणून बोललो. मी तर… झऱ्याकाठचं घर घेतलंय. दोन खोल्या. आपल्याला पुरतील.”

“आपल्याला?”

“बोकड अंगणात बांधू.”

“थांब.” नेव्हराचा आवाज आधी अगदी बारीक होता. “माझा इथे श्वास अडकला, आणि तू डिवचत होतास? सव्वा महिना माझ्या नाकावर बोलतोस, आणि जे बोलायचं ते घर घेऊन झाल्यावर? मला विचारायचं कुणी, तुझ्या बोकडानं? आणि घर घेतलं तेही कुठलं? झऱ्याकाठचं! छप्पर गळतं त्याचं! उत्तरेची भिंत बारा महिने ओली! चूल अर्धी खचलेली! अख्ख्या कुवेरात मेलं जे घर कुणी फुकट घेईना, ते माझ्यासाठी शोधून काढलंस! पुढची चाळीस वर्षं मी तुझ्याबरोबर त्या गळक्या छपराखाली काढायची, आणि मला आधी धड एक शब्द—”

“चाळीस?” ताशिमनं विचारलं.

“मध्ये बोलू नकोस!”

शिरेतून वाफ निघाली. नेव्हराचा हात मनगटापर्यंत दगडात बुडाला होता.

“पहारी आणा रे!” कोणीतरी ओरडलं.

“आधी माप!” ओदामावशीनं सगळ्यांना मागे सारलं आणि काठी आत घातली. अकराची खूण दगडात दिसेनाशी झाली. नेव्हरा अजून छपराबद्दल बोलतच होती. मोकळ्या हातानं तिनं ताशिमची बाही मुठीत घट्ट धरली होती. ओदामावशीनं काठी बाहेर काढली, ओल्या खुणेवर अंगठा ठेवला आणि दोनदा मोजलं.

सतरा बोटं.