रिकाम्या खुर्चीसमोर नऊ मिनिटं

तो माझा तिसरा सिनेमा. पहिल्या दोन्हींना मिळून एक हॉलसुद्धा भरला नव्हता.

"अजून किती दिवस हे खूळ?" दादाने विचारलं. "असले सिनेमे काढणाऱ्याची आईसुद्धा बघत नाही."

"आपली आई बघते," मी म्हटलं आणि शूटिंगला निघाले.

बंद पडलेल्या दवाखान्याचा वरचा मजला. भर दुपार. भिंतीला पोपडे आलेला हिरवा रंग, एक टेबल, दोन खुर्च्या. समोरच्या रिकाम्या खुर्चीत नवरा बसलाय असं धरून मी नऊ मिनिटं बोलायचं, एकाच शॉटमध्ये. नजर खुर्चीच्या पाठीतल्या खिळ्यावरून हलवायची नाही. मी हलवली नाही.

संध्याकाळी दिग्दर्शकाने शॉट लावून दाखवला. चौथ्या मिनिटाला माझी नजर खुर्चीवरून वर गेली आणि सावकाश खिडकीकडे वळली, कुणी उठून तिकडे जात असावं तशी.

"चांगलं केलंस. पण असं ठरलं नव्हतं."

"मी केलंच नाही."

तो हसला नाही.

दुसऱ्या दिवशी पुन्हा घेतला. या वेळी नजर खिडकीपासून निघाली आणि टेबलाच्या कडेपर्यंत आली. साउंडवाल्याने मध्येच हेडफोन काढून ठेवले, डोकं दुखतंय म्हणाला आणि जिना उतरून गेला. पुन्हा आलाच नाही.

"सीनच काढू या," दिग्दर्शक म्हणाला. "तुला काही झालं तर तुझ्या घरच्यांना काय तोंड दाखवू?"

"सीन राहणार. घरात भांडून आलेय मी याच्यासाठी. इथे आणखी कोण असेल ते असो. कॅमेऱ्यासमोरची जागा माझी आहे."

तिसऱ्या दिवशी हेडफोन दिग्दर्शकानेच कानाला लावले. सातव्या मिनिटाला माझा डावा कान गार पडला. शब्द अडखळतील असं वाटलं, तसा मी आवाज चढवला. खिळ्याकडे बघत शेवटच्या वाक्यापर्यंत गेले.

तो कट म्हणेना. शेवटी मीच म्हटलं.

शॉट सिनेमात जसाच्या तसा आहे. नजर कुठेही ढळलेली नाही.

फक्त आठव्या मिनिटाला, गालावर आलेली माझी बट हळूच उचलली जाते आणि कानामागे नीट बसते.

माझे दोन्ही हात टेबलावर आहेत.