बांधलेला हात

“सोड त्याचा हात, मानिक… सोड म्हनतो ना!”

सासूबाईंचा, पार्बताबाईंचा, तो कठोर स्वर ऐकताच माणिकबाई दचकल्या. मांडीवर धाकट्या जावेचा, गोदाचा, रांगायच्या वयाचा सूर्यभान होता. त्याचा धडधाकट डावा हात माणिकबाईंनीच चिंधीनं अंगाशी बांधला होता आणि उजव्यापुढे खुळखुळा धरून त्या त्याला चुचकारत होत्या.

“तुह्या कुशीत काही उपजलं नाही, म्हनून माह्या नातवाचा चांगला हात बांधते?”

केवढा दारुण आरोप! जिनं या लेकराला जन्मापासून अंगाखांद्यावर वागवलं, तिनंच हे ऐकावं? बाळंतिणीच्या खोलीतच त्याला आकडी आली आणि तेव्हापासून उजवी मूठ उघडेना. सगळे म्हणत, लेकरू डावखुरं आहे. माणिकबाईंना मात्र ती मूठ पाहून लकव्यानं पडलेले आपले वडील आठवत आणि जीव थाऱ्यावर राहत नसे.

“आत्याबाई, याले लकवा झाला हाय. डावा मोकळा असला का तो उजव्याले इसरूनच जाते…”

“लकवा म्हाताऱ्याले होते. लेकराले झालेला कोनं पाह्यला?”

दाराशी उभी असलेली गोदा रडत होती. तिचं ते नुसतं रडणंच माणिकबाईंच्या अधिक जिव्हारी लागलं.

“मी जातो माहेरी,” त्या म्हणाल्या. “पन गोदे, रोज घडीभर त्याचा डावा हात बांधत जा. मले शिव्या दे, पन बांध.”

कापसाला सोन्याचा भाव आलेलं ते वर्ष. सासरच्या वलगावात रिकामं गाडं मिळेना. अकोल्याकडे निघालेल्या कापसाच्या गाड्यावर बसून त्या मूर्तिजापूरला भावाकडे गेल्या. आपण चुकलो असू तर?… त्याचा चांगला हातही लुळा पडला तर? या विचारानं त्यांना तिथे घास गोड लागला नाही.

होळीनंतर भावाच्या दारात गाडं थांबलं. पार्बताबाई उतरल्या, मागून सूर्यभानाला घेऊन गोदा. माणिकबाईंना पाहताच तो झेपावला. मनगट वाकडंच होतं, पण उजव्या हाताची बोटं त्यांच्या पदरात रुतली… आणि सुटेनात.

“गोदी चोरून बांधे,” पार्बताबाई खाली पाहत म्हणाल्या. “मले राग आला होता. मंग एक दिवस यानं माह्या हातातली भाकर उजव्यानं धरली… आता मीच बांधतो. पन माह्यापाशी लय रडते तो. मी वंगाळ बोललो, मानिक. घरी चाल.”

माणिकबाईंनी पदरात रुतलेली ती बोटं ओंजळीत घेतली. गोदानं डोळे पुसले, पुढे होऊन आपलं लेकरू त्यांच्या ओटीत घातलं आणि त्यांच्या पायांशी बसली.