खुंटीवरची सावली

तो आत आला तेव्हा त्याच्या अंगावरून पाणी निथळत होतं. वेश्क गावात तर तीन महिने पावसाचा थेंब नव्हता. म्हणजे हा मागच्या दाराने आला होता... पलीकडच्या जगातून.

वाचनालयाच्या टेबलामागून इरूनाने हात पुढे केला. "सावली द्या."

"आधी नाव तरी विचारा."

"नाव खोटं सांगता येतं."

तो हसला. वाकून त्याने पायाला चिकटलेली सावली सोडवली आणि तिच्या हातात दिली. वाचनालय दोन्ही जगांचं होतं आणि नियम दोन्हीकडे एकच. पुस्तक न्यायचं तर सावली ठेवायची.

"हालेम," तो म्हणाला. "खरं नाव आहे." आणि नद्यांवरचं एक जाडजूड पुस्तक काखेत मारून गेला.

इरूनाने सावली खुंटीला अडकवली. भिंतीवर अशा वीसेक सावल्या होत्या. तिकडे माणूस जे करेल ते इथे त्याची सावली करायची. कुणी पीठ मळायची, कुणी डोकं खाजवायची. आवाज अजिबात नाही. नव्या माणसाला ती भिंत बघवत नसे. इरूनाला सवय होती, ती तिकडे बघायचीही नाही.

आता बघायला लागली. हालेमची सावली वाचता वाचता पेंगायची, दचकून जागी व्हायची. तिचा उजवा हात नेहमी वाकलेला असायचा, कुणाला तरी धरून चालवल्यासारखा. एका दुपारी सावली अचानक इरूनाकडे वळली आणि तिने हात हलवला.

पुढच्या वेळी तो आला तो विचारतच. "मी हात हलवला होता. दिसला?"

"मला दुसरी कामं असतात."

"म्हणजे दिसला."

"पेंगता फार तुम्ही," ती म्हणाली आणि मग जीभ चावली.

असं वर्षभर चाललं. मग मागचं दार मिटायला लागलं. दोन जगं एकमेकांपासून सरकली की ते मिटतं, ते पुन्हा चाळीस वर्षांनी उघडतं. रोज फट बोटभर कमी होत होती. लोक येऊन पुस्तकं देत होते, सावल्या नेत होते.

शेवटच्या दिवशी हालेम आला. त्याने पुस्तक टेबलावर ठेवलं.

"राहा इथेच," ती म्हणाली. पहिल्यांदाच म्हणाली.

"बाबांना दिसत नाही, इरूना. माझा हात धरून चालतात ते."

मग तिने पुस्तक त्याच्याकडे परत सरकवलं. "तुझं वाचून झालं नाही."

"तीनदा झालंय."

"नाही झालं," ती म्हणाली. "पुस्तक परत करायला आलेल्याला मिटलेलं दारही अडवत नाही. एकदाच... पण अडवत नाही."

त्याला कळायला एक क्षण लागला. "आणि तोवर मी बिनसावलीचा? चार दिवस ठीक, पण वर्षानुवर्षं म्हटलं तर आमच्याकडे लोक दारात उभं करणार नाहीत."

"मग दे पुस्तक."

त्याने पुस्तक उचललं आणि छातीशी धरलं. "सांभाळ तिला," एवढंच म्हणून तो अंग चोरून फटीतून बाहेर पडला.

दोरूतमामा, वाचनालयाचे म्हातारे रखवालदार, सगळं बघत होते. त्यांच्या टेबलाखाली एक सावली कधीची आडवी पडलेली होती. तिच्यापाशी ते दिवा लावू देत नसत.

"मीही हेच केलं होतं, पोरी," ते टेबलाखाली बघत म्हणाले. "ती निघाली होती यायला. पुस्तक उचललं, पाच दिवस चालली... आणि वाटेत आडवी झाली."



सहा वर्षं गेली. भिंतीवर एकच सावली उरली होती. तिचा उजवा हात वाकलेलाच असायचा. एका सकाळी तो सुटला. सावली गुडघ्यांवर हात ठेवून बसून राहिली. दोन दिवस तशीच. इरूनाही दोन दिवस जेवली नाही.

तिसऱ्या दिवशी सावली उठली. तिने पुस्तक काखेत घेतलं आणि चालायला लागली.

चार दिवस ती जागच्या जागी चालत होती. ठेचकाळायची, पुन्हा चालायची. पाचव्या दिवशी, ऐन दुपारी, ती आडवी झाली.

इरूनाच्या हातातला चहा सांडला. दोरूतमामा काठी टेकत आले आणि भिंतीजवळ वाकले. डोळे बारीक करून ते सावलीकडे बघत राहिले.

"झोपलाय गं," ते म्हणाले.

"कशावरून?"

"कूस बदलली."

ती रडत रडत हसली. "पेंगतोच तो."

ऊन कलताना सावली उठली. थोडं चालली आणि थांबली. तिने केसांवरून हात फिरवला, सदरा खाली ओढला. मग मूठ उचलली आणि हवेत तीनदा आपटली.

मागच्या दारावर तीनदा थाप पडली.