पुढच्या दारानं

खुशालचा बैल चोर निघाला, म्हणून ही गोष्ट घडली.

खुशाल भातकुलीजवळच्या एका गावात कापूस भरायला आला होता. साता समुद्रांपलीकडे कुठेतरी लढाई लागली होती आणि तिच्यापायी वऱ्हाडातल्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. ज्याच्याजवळ गाडी-बैल, त्याला उसंत नव्हती. खुशालला ती नकोच होती. बायको जाऊन दोन दिवाळ्या झाल्या होत्या. रिकाम्या घरात चूल पेटवण्यापेक्षा रस्त्याकडेला तीन दगड मांडलेले बरे, असं त्याला वाटे.

नत्थुजी नावाच्या शेतकऱ्याच्या अंगणात त्यानं गाडी सोडली आणि तो पाणी प्यायला वळला. तेवढ्यात कवड्या, त्याचा पांढऱ्या ठिपक्यांचा बैल, थेट ओसरीपाशी गेला. तिथे एक बाई चरकी फिरवत बसली होती. लाकडी लाटांमधून रुई पलीकडे जात होती, सरकी अलीकडे पडत होती. कवड्यानं सरकीच्या ढिगात तोंड घातलं.

"गाडीवाले, तुमचा बैल माही सरकी खाऊन राहिला," हात न थांबवता बाई म्हणाली.

"नोको खाऊ म्हना त्याले."

"मी काहून म्हनू? बैल तुमचा."

"माह्या बायकोचा व्हय तो. ती चरकी फिरवे अन् हा बाजूले उभा राहे. आवाज आला का त्याले वाटते..."

चरकी थांबली. बाईनं मान वर केली. तिच्या केसांत, भुवयांवर कापसाचे तंतू अडकले होते. कपाळ मोकळं होतं.

"मंग खाऊ द्या," ती म्हणाली आणि तिनं आणखी मूठभर सरकी बैलापुढे सारली.

ती मैना, नत्थुजीची धाकटी बहीण. नवरा तापानं गेला तेव्हा मूलबाळ नव्हतं, म्हणून माहेरी परतलेली.

पुढच्या खेपेला तिनं नाव विचारलं.

"खुशाल."

तिनं त्याच्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं. "कोनं ठेवलं?"

"आत्यानं."

"आत्याले दिसत नव्हतं का?"

खुशाल हसला. स्वतःचं हसणं त्याला परक्या माणसासारखं वाटलं. अमरावतीच्या बाजारापर्यंत तो त्याच विचारात होता.

मग खेपा वाढल्या. नत्थुजीचा कापूस भरायला दुसरी गाडी मिळू नये याची खुशालच काळजी घेऊ लागला. बोलणं थोडंच व्हायचं, तेही कवड्याच्या आडून.

"माह्या घरी बी चरकी हाय," तो एकदा म्हणाला. "आढ्याले टांगली हाय."

"चरकी का टांगाची वस्तू हाय?"

"फिरवनारं मानूस नाही."

"मानूस शोधा लागते," मैना म्हणाली. "आढ्याकडे पाहून भेटत नाही." आणि एकदम लाजून तिनं चरकी इतकी जोरात फिरवली, की कवड्या दचकला.

दोघंही कुणबी. त्यांच्यात विधवेचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लागे. नत्थुजीच्या आजीचाच पाट होता. या खेपेनंतर पंचांच्या कानावर घालू, असं खुशालनं मनाशी धरलं.

पण तेवढ्यात नत्थुजी देशमुख झाला.

कापसाच्या पैशानं माडी उठली होती, बैलांना झुली आल्या होत्या. उरलं होतं कूळ. कुठूनसा एक भाट आला, गावजेवणात उभा राहिला आणि त्यानं नत्थुजीचे पूर्वज थेट गडकिल्ल्यांवर नेऊन बसवले. दुसऱ्या दिवसापासून घराच्या रीती बदलल्या. देशमुखाच्या बाया ओसरीवर बसत नाहीत. चरकी फिरवत नाहीत. आणि देशमुखात पाट नाही.

खुशाल गेला तेव्हा ओसरी रिकामी होती. चरकी गोठ्यात पडली होती. कवड्या नेहमीच्या जागी जाऊन कान टवकारून उभा राहिला.

"वन्सं आता भाईर येत नाहीत," नत्थुजीची बायको माणिकबाई म्हणाली. तिलाही ते बोलायला जड जात होतं.

दाराआडून आवाज आला, "कवड्याले सरकी भेटली का?"

"नाही," खुशाल म्हणाला.

त्यानं कवड्याला ओढून पुन्हा गाडीला जुंपलं.

त्या संध्याकाळी तो आपल्या घरी बसला. भाकर थापली, ती करपली. वर चरकीला कोळ्यानं जाळं केलं होतं. एकटेपणाची त्याला सवय झाली होती, पण आता त्यात एका आवाजाची भर पडली होती, आणि तो आवाज दाराआड होता. नत्थुजीला देशमुख पाहिजे ना, त्याला वाटलं, मग देशमुखच होऊ.

त्यानं तोच भाट गाठला.

पुढच्या सोमवारी खुशालराव देशमुख नत्थुजीच्या दारी उतरले. मागून आणलेला जरीचा पटका, दुसऱ्याची घुंगरमाळा घातलेली बैलजोडी, सोबत भाट. कवड्याला झूल शोभत नाही म्हणून घरी ठेवलं होतं. बैठकीत गावची चार माणसं होती. भाटानं खुशालचेही पूर्वज गडावर चढवले. नत्थुजीला सगळं कळत होतं, पण या भाटाला खोटा म्हणावं तर आपली माडी कोसळते. त्यानं पानाचं तबक पुढे केलं.

"बोला, खुशालराव."

"मैनाबाईचा हात मागाले आलो."

नत्थुजी खांदे हलवून हसला. "अहो, तुमी देशमुख. देशमुखात पाट लागते का? माह्या साल्याची पोरगी हाय पहा, लगनाले आली."

खुशालच्या हातातलं पान तसंच राहिलं. देशमुख झालं की आपल्यालाही पाट मागता येत नाही, ही गोष्ट त्याच्या डोक्यातच आली नव्हती.

दाराचा पडदा हलला. मैना बाहेर आली नाही, नुसतं बोलली. "वयनी, पाव्हन्याले इचारा. एक गाडीवाला येत होता आमच्याकडे. त्याचा बैल चोरटा होता, पन तो खोटं बोलत नव्हता. कोठी गेला तो?"

खुशालनं पटका काढला आणि गुडघ्यावर ठेवला. डोक्याला वारा लागला. फार दिवसांनी आपलं डोकं आपलं आहे असं वाटलं.

"नत्थुजी, मी कुनबी हाय. गाडी हाकतो. हा पटका मांगून आनला. माही वंशावळ बी—"

"हळू बोला," नत्थुजी घाईनं म्हणाला.

"इकत घेतली हाय," खुशालनं वाक्य पुरं केलं. "मले दुसरी पोरगी नोको. मी पाट लावाले आलो."

भाट उठून चपला शोधू लागला. नत्थुजीनं खुशालला कोपऱ्यात नेलं. "तिले जा लागते तं जाऊ द्या. पन अंधार पडल्यावर. मांगच्या दारानं. गावाले दिसलं नाही पाह्यजे."

"मांगच्या दारानं नाही, दादा." मैना उंबऱ्यात उभी होती. तिनं गोठ्यातून चरकी आणली होती, खांद्यावर. "मी काई चोरून नेऊन राहिली नाही. आपली आजी या घरात पाटानंच आली. पुढच्या दारानं आली का मांगच्या, मले नाही ठावं. मी पुढच्या दारानं जाइन."

नत्थुजीचा चेहरा उतरला. "मंग या दारात पुन्हा यायचं नाही, मैने."

तिनं खांद्यावरची चरकी सावरली. मग वाकून उंबऱ्याला हात लावला आणि पायरी उतरली.

माणिकबाई डोळे पुसत मागोमाग आली. "वन्सं, पाट तं अंधारात लागते. उन्हाचं जाऊन काय करसान?"

"बसीन गाडीत. अंधार त्याच्या येळेले येइनच."

गावातून जाताना लोक दारात उभे राहिले. मैनानं पदर पुढे ओढला नाही. वेशीबाहेर आल्यावर मात्र ती रडली, आणि खुशालनं बैल हळू चालवले.

बऱ्याच वेळानं ती म्हणाली, "कवड्याले काहून नाही आनलं?"

"लाज वाटली त्याची. चुकलं माहं."

"त्याले सांगा, सरकी मिळन." मग थोडी थांबून, "तिचा टाक करा लागन ना... चांदीचा. माह्या गळ्यात."

दुसरेपणाची बायको मेलेल्या पहिलीचा टाक, म्हणजे तिच्या नावानं उमटवलेला चांदीचा पत्रा, गळ्यात घाले, ही रीत खुशालला माहीत होती. विचारायचं कसं, हे त्याला कळत नव्हतं.

घर आलं तेव्हा दिवस मावळायचा होता. कवड्या अंगणात दावणीला होता. मैना गाडीतून उतरली आणि उंबऱ्याबाहेरच थांबली.

"नाव काय व्हतं तिचं?"

दोन वर्षांत त्यानं ते कुणापाशी उच्चारलं नव्हतं.

"पार्बता."

"पार्बताबाई," मैनानं हलकेच म्हटलं, परक्या घरी आत येऊ का म्हणून हाक द्यावी तसं.

दावणीला कवड्यानं मान वर केली आणि कान घराकडे वळवले.